विहिरीत सोडलेला उजेड

१

२० जानेवारी १९३३, शुक्रवार. दुपारचे पावणेबारा. धारूरच्या किल्ल्यापासून दीड कोसावर, डोंगराच्या उतारावर, एका जहागीरदाराच्या नव्या बागेसाठी खणायला घेतलेली विहीर. विहिरीपाशी त्या वेळी अकरा बायका आणि एक कॅमेरावाला; म्हातारा मुकादम जवळच्या पालात. विहिरीत किती माणसं होती, ते विचारायचं काम ज्यांचं होतं ते घरी होते. शुक्रवार म्हणजे निजामाच्या राज्यात कचेऱ्या बंद. विहीर मात्र चालू होती.

कॅमेरावाल्याचं नाव बद्रीनाथ मुळे. मूळचा बीडचा, शिकला पुण्याला. कॉलेज संपवून एका सिनेमा कंपनीत लागला आणि सहा वर्षं कॅमेऱ्याची दांडी फिरवत राहिला. मग बोलपट आले, हाताने फिरवायचे कॅमेरे अडगळीत पडले. त्यातला एक त्याने मागून घेतला आणि आपल्या मुलखात परत आला. देवांची आणि राजांची चित्रं लोकांनी रग्गड पाहिली होती. आता गावकुसाबाहेरची माणसं पडद्यावर आणायची, असं त्याच्या मनाने घेतलं होतं. उमापूरला त्याने कैकाड्यांच्या बायका टोपल्या विणताना घेतल्या, मांगवाड्यातली म्हातारी माणसं दोर वळताना घेतली. आता वडार.

वडारांसाठी तो नुसता आला नव्हता. वेठबिगार कागदावर बंद झालेली होती आणि डोंगरात चालू होती. तिच्या चौकशीला हैदराबादेत एक कमिटी बसायची होती. श्रावणात या विहिरीची दरड कोसळून सात वडार गाडले गेले, अशी बोलवा बीडपर्यंत आली होती. जहागीरदाराच्या कारभाऱ्याने कमिटीला लिहून दिलं होतं की दरड किरकोळ होती, कोणी मेलं नाही, सातही माणसं रोज कामावर हजर आहेत. ते कागद खोटे पाडायचे, आणि तेही पडद्यावर, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत, एवढ्यासाठी बद्रीनाथ पेट्या घेऊन बैलगाडीने घाट चढून आला होता.

तो आला गुरुवारी सकाळी. आणि आल्या आल्या त्याचीच फजिती झाली.

२

कारभारी विठ्ठलराव स्वतः त्याला विहिरीवर घेऊन गेला. डोक्याला लाल रुमाल, हातात छडी, तोंडात पान.

"या, मुळे. बघा डोळे भरून. पुण्याला शिकून आलेल्या माणसाला आम्ही काय दाखवणार? तुम्हीच बघा."

विहिरीच्या तोंडावर लाकडी रहाट होता. चार बायका दोर ओढत होत्या. दोराच्या टोकाला टोपलं होतं, आणि ते वर आलं तेव्हा दगडांनी शिगोशीग भरलेलं होतं. दोघींनी ते उतरवलं, ढिगाऱ्यावर ओतलं. रिकामं टोपलं खाली गेलं. थोड्या वेळाने दोराला एक हिसका बसला, बायका ओढायला लागल्या, टोपलं भरून वर आलं.

"मेलेली माणसं टोपलं भरतात का हो, मुळे?" विठ्ठलरावाने विचारलं आणि पिंक टाकली. "लिहा की आता. तुमच्या त्या कमिटीला कळवा, सातही जण ठणठणीत आहेत म्हणून."

माणसं जिवंत आहेत याचा बद्रीनाथला आनंद व्हायला हवा होता. झाला नाही, आणि त्याची त्याला लाज वाटली. विठ्ठलराव घोड्यावर बसून निघून गेला, तेव्हा त्याने मुकाट्याने तिपाई रोवली आणि कॅमेरा चढवला. निदान काम तरी घेऊ.

मुकादम धोंडीराम बाजूला उकिडवा बसून होता. साठीचा, वाळलेला, हाताची बोटं दगडासारखी. बद्रीनाथने त्याला दोराचं विचारलं.

"एक हिसका म्हंजी टोपलं वढा," धोंडीराम म्हणाला. "दोन म्हंजी थांबा. तीन म्हंजी माणूस वर येतंय."

"खाली ऐकू जात नाही का, हाक मारली तर?"

"सुतकीच्या, घणाच्या घावात काय ऐकू जातंय, सायब? सुरुंग फोडून फोडून कान बी गेलेले असतेत."

"मग सुट्टी झाली हे खालच्यांना कसं कळतं?"

धोंडीराम उठला आणि रहाटाच्या कण्याला तेल घालायला गेला. कण्याला नुकतंच तेल घातलेलं होतं.

बद्रीनाथने दांडी धरली. सेकंदाला दोन फेरे, त्यासाठी तो तोंडाने मोजायचा : एक-दोन, एक-दोन. बायकांना गंमत वाटली. छबुबाई म्हणून एक म्हातारी होती, तिचे दोन मुलगे खाली होते. ती म्हणाली, "ऊस न्हाई, रस न्हाई, ह्यो चरक कावून फिरवतोय ह्यो?" बायका हसल्या. हसू फार वेळ टिकलं नाही.

तिने त्याला पाणी दिलं. तांब्या पितळी होता, पण बाहेरून काजळीने माखलेला. तोंडाकडचा काठ तेवढा ओठ लागून लागून उघडा पडला होता. चुलीवरचा असेल, असं त्याला वाटलं. मग दिसलं की पालांपुढची सगळीच भांडी तशी काळी केलेली होती. ताटं, तांबे, एका बाईच्या कमरेची चावी सुद्धा. त्याने कॅमेऱ्याचं भिंग पुसायला काढलं तेव्हा छबुबाई घाईघाईने म्हणाली, "त्ये झाका बाबा. चकाकतंय लई."

मळसूत्र कुठे अडकलं म्हणून तो दांडी फिरवायचा थांबला, तरी तोंडाने मोजणं चालूच राहिलं, आणि त्या वेळी त्याला आपलाच आवाज ऐकू आला. स्वच्छ. एक-दोन, एक-दोन. मूकपट घेणाऱ्या माणसाचे कान कामाच्या वेळी झोपलेले असतात. ते आता जागे झाले. दहा परस, म्हणजे दहा पुरुष खोल विहिरीत सात पाथरवट काम करत होते आणि दगडावर लोखंड आपटल्याचा आवाज येत नव्हता. खोकला नाही, शिवी नाही. रहाट कुरकुरायचा, टोपलं काठाला लागायचं, तेवढंच.

मऊ मुरूम लागला असेल, तो स्वतःशी म्हणाला. पहारीने काढत असतील.

टोपल्यात काळा कातळ होता.

३

दिवस मावळायला आला तेव्हा बायकांनी दोर खुंटाला बांधला आणि त्या पालांकडे चालू लागल्या.

"आणि माणसं?" बद्रीनाथने विचारलं.

धोंडीराम थांबला. "त्ये खालीच ऱ्हातेत."

"खालीच? झोपायला?"

"काम चालू हाय, सायब."

"किती दिवस?"

"श्रावणापासनं."

दिवसभर पडलेली सगळी कोडी एका झटक्यात सुटली, असं बद्रीनाथला वाटलं. माणसं कैद होती! पळून जाऊ नयेत म्हणून कारभाऱ्याने त्यांना विहिरीतच कोंडून ठेवलं होतं, पाच महिने, उन्हावाऱ्याशिवाय. म्हणून आवाज नाही : दम उरला असेल तर आवाज येणार. म्हणून ही माणसं बोलत नाहीत : भीतीने. दरडीत मेली असती तर निदान सुटली असती. हे त्याहून भयंकर होतं, आणि छापून आणण्याजोगं होतं.

"तुम्ही गप्प कसे बसता?" तो धोंडीरामवर ओरडला. "तुमची पोरं आहेत ती! वर ओढून का काढत नाही?"

धोंडीरामने त्याच्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. लहान मुलाने विस्तवाकडे बोट केलं की मोठी माणसं बघतात, तसं काहीतरी होतं.

"त्यांनी तीन हिसकं दिलं न्हाईत," तो म्हणाला. "आमी बलावलं न्हाई. चाललंय त्ये चालू द्या, सायब. तुमचं यंत्र घिऊन जावा."

बद्रीनाथने ठरवलं : विहिरीचा तळ घ्यायचा. सात चेहरे, वर बघणारे. ते एक चित्र कमिटीपुढे ठेवलं की विठ्ठलरावाचे सगळे कागद चुलीत. अडचण एकच होती. पौषातलं ऊन तिरपं, ते विहिरीत चार हातांपलीकडे उतरत नव्हतं.

४

सकाळी तो ओढ्यावर तोंड धुवायला गेला, तिथे सत्यभामा आली. कालपासून ती त्याच्या ध्यानात होती, कारण बाकीच्या बायका दोर ओढताना एकमेकींकडे बघायच्या आणि ही खाली बघायची. पंचविशीची असेल. खाली असलेला मुंजाजी हिचा नवरा. कपाळावर ठसठशीत कुंकू.

"दादा, तुमच्या यंत्राला आतलं दिसंल का?"

"उजेड असेल तर दिसेल."

"आन् न्हाई दिसलं तर?"

"मग तिथे काही नाही असं समजायचं. यंत्र खोटं बोलत नाही, बाई."

तिने ओली बोटं पदराला पुसली. "पाच म्हैने झाले. घरात मयत झालं तर बाई रडती. नवरा गावाला गेला तर वाट बघती. मी काय करू? सासू म्हंती कुंकू पुसायचं न्हाई, टोपलं येतंय. आई म्हंती माहेरी चल, टोपल्याला काय बघतीस. कोन सांगल मला, त्यो हाय का न्हाई?"

"मी सांगतो," बद्रीनाथ म्हणाला. तो मनापासून म्हणाला. "आज दुपारी."

गाडीतली चौकट त्याने सोडली. लाकडी चौकटीवर ताणून ठोकलेला चकचकीत पत्रा, हातभर रुंद. सावलीतल्या नटाच्या तोंडावर ऊन फेकायला कंपनीत तो वापरायचे. त्याने फडकं काढलं तसं सत्यभामाने त्यात वाकून पाहिलं. बराच वेळ. आपला चेहरा तिने पाच महिन्यांनी पाहिला असावा.

"हे असं धरायचं, सूर्याकडे. मग असं वाकवलं की ऊन जिथे हवं तिथे जातं. विहिरीतसुद्धा."

"मला ठावं हाय," ती म्हणाली. मग घाईने : "मी धरते."

"मुकादमांना विचारावं लागेल."

"इचारलंय मी. हो म्हनलेत त्ये."

तिने हे सांगताना त्याच्या डोळ्यांत पाहिलं नाही. बद्रीनाथने ते पाहिलं, आणि डोळ्याआड केलं. त्याला चित्र हवं होतं.

५

पावणेबाराला धोंडीराम पालात भाकरी खायला गेला होता. टोपलं नुकतंच खाली सोडलेलं होतं. बद्रीनाथने तिपाईचे दोन पाय काठाच्या दगडावर आणि एक मागे असा कॅमेरा वाकवून बसवला, भिंग थेट खाली. कॅमेऱ्यामागच्या पुठ्ठ्याच्या नळीला डोळा लावला. आत काळोखाखेरीज काही नव्हतं.

"हं, बाई."

पत्र्यावरचं ऊन आधी समोरच्या भिंतीवर थरथरलं. मग घसरत खाली गेलं. सत्यभामाचा हात जरासुद्धा हलत नव्हता. दहा वर्षं पत्रा धरणाऱ्या माणसाला जमत नाही ते तिला पहिल्या फटक्याला जमलं.

एक-दोन, एक-दोन.

भिंतीवर छिन्नीचे ओरखडे. एक परस, दोन परस. कातळातून लोंबणारी मुळी. चार परस. आणि मग तळ.

तळ पाचव्या परसावरच होता. बैलगाडीच्या चाकाएवढाले दगड एकमेकांत अडकून विहिरीचा गळा बुजला होता. दगडांवर धूळ बसली होती, फटीत कोळ्याचं जाळं होतं. ते जाळं उन्हात चमकत होतं. दोन दगडांच्या मधे एक चीर होती, मनगट जेमतेम जाईल एवढी, आणि दोर तिच्यातून खाली गेला होता. टोपलं कुठेच नव्हतं. दोन हात रुंदीचं टोपलं.

बद्रीनाथचा हात फिरत राहिला. हाताला सवय होती. डोकं मात्र मागे राहिलं होतं. बाजूने दुसरी वाट असेल, ते म्हणत होतं, खडकात भुयार असेल, उन्हाने अंतर फसतं, भिंगाने फसतं. एक-दोन. जाळं तुटलेलं नाही. एक-दोन. मग काल दिवसभर टोपलं कुठून आलं?

मागून ओरडणं आलं. धोंडीराम धावत येत होता, हातात अजून भाकरीचा तुकडा.

"उजेड! कोनी दावला उजेड?"

रहाटावरच्या बायकांनी दोर सोडला. बहुतेकींना सत्यभामा काय धरून उभी आहे ते आत्ता दिसलं. एकीने किंकाळी फोडली आणि ती पालांकडे पळत सुटली, तिच्यामागे आणखी तिघी-चौघी.

"काय झालं? काय केलं मी?" बद्रीनाथने विचारलं.

छबुबाई मटकन खाली बसली होती. "सुट्टी दिली रं बाबा तुमी," ती म्हणाली. "परातीनं उजेड सोडायचा आत, आमची रीत हाय. उजेड दिसला की खालच्यांनी समजायचं, सुट्टी झाली. वर या म्हून. पाच म्हैने आमी वाटी उघडी ठिवली न्हाई. माजी दोन लेकरं हायती खाली, मी न्हाई बलावली त्येंना. मी आई असून न्हाई बलावली."

दोराला हिसका बसला.

एक.

कोणी हललं नाही. सत्यभामाने पत्रा खाली ठेवला होता, ती दोराकडे बघत होती.

दोन.

थांबा, बद्रीनाथचं डोकं म्हणालं. दोन म्हणजे थांबा. देवा, थांबा.

तीन.

सत्यभामाने झेप घेतली आणि दोर धरला. एकटीच ओढायला लागली, पाय दगडाला रोवून. दोर बोटभरही येईना.

"धरा की, दादा! तुमी बलावलंय, धरा!"

बद्रीनाथने दोर धरला. का धरला, ते पुढे त्याला कधीच सांगता आलं नाही. कदाचित खाली जिवंत माणसं आहेत यावर त्याचा अजून विश्वास होता. कदाचित त्याने वचन दिलं होतं म्हणून. तो आणि ती, दोघं मिळून ओढू लागले, आणि रहाट कुरकुरत फिरला.

दगडाचं वजन मेलेलं असतं, ते काल टोपलं वर येताना त्याने पाहिलं होतं. हे वजन तसं नव्हतं. ते एकदम भारी व्हायचं, मग हलकं : कोणीतरी भिंतीत पाय रोवून दम घेतल्यासारखं. पुन्हा भारी. आणि ते एकाचं नव्हतं. दोराची थरथर त्याच्या तळहातात वेगवेगळ्या ठिकाणांहून येत होती. काही वरून, जवळून. काही फार खालून. दगडावर दगड सरकल्याचा आवाज मात्र झाला नाही. त्या मनगटाएवढ्या चिरेतून जे काही वर येत होतं, ते काही न हलवता येत होतं.

काठाखालून गार हवा आली. तिला ओल्या मातीचा वास होता आणि सुरुंगाच्या दारूचा.

"मुंजाजी?" सत्यभामाने हाक दिली. प्रेमाने, हळू, घरात देतात तशी.

खालून कोणी उत्तर दिलं नाही. पण दोर हलका झाला, आणि तसाच राहिला. ऐकण्यासाठी सगळे थांबले असावेत.

त्या क्षणी धोंडीरामने रहाटापाशी पडलेली कुऱ्हाड उचलून दोरावर घातली. एक घाव, दोन घाव. दोर तुटला आणि सळसळत आत गेला. पडल्याचा आवाज कोणालाही आला नाही.

धोंडीरामने बद्रीनाथला बखोटीला धरून ओढलं. "पळा! यंत्र ऱ्हाऊ द्या, पळा!"

ओढ्यापाशी पोचल्यावर बद्रीनाथने वळून पाहिलं. सत्यभामा पळाली नव्हती. तिने पत्रा पुन्हा उचलला होता आणि ती विहिरीत उजेड सोडत उभी होती.

६

शनिवारी सकाळी लख्ख ऊन पडल्यावर तो आणि धोंडीराम परत गेले. कॅमेरा होता तिथेच होता. भिंग खाली विहिरीकडे होतं, ते आता समोर ढिगाऱ्याकडे वळलेलं होतं. काल दांडी सोडली तेव्हा फूट मोजणाऱ्या काट्यावर सत्तर होते, हे बद्रीनाथला पक्कं आठवत होतं. आता काटा दोनशेवर होता. सगळी फिल्म फिरलेली.

एखाद्या बाईने कुतूहलाने फिरवली असेल, तो मोठ्याने म्हणाला. धोंडीराम रहाटाकडे बघत होता. तुटून आत गेलेला दोर काठावर वेटोळं करून ठेवलेला होता. दिवस संपल्यावर वडार ठेवतात तसा, गाठ आतल्या अंगाला.

सत्यभामाचं पाल मोकळं होतं. चूल विझवून सारवलेली होती. माहेरी गेली असेल, असं सगळ्यांनी ठरवलं.

बीडला छायाचित्रकार शफीच्या दुकानामागे फिल्म धुवायची अंधारी खोली होती. सोमवारी दुपारी दोघं आत गेले. शफी पंचवीस वर्षं हे काम करत होता. उलट्या छटेचं चित्र तो छापील अक्षरासारखं वाचायचा. ओली फिल्म लाल दिव्यापुढे धरून तो पहिल्यांदा हसला.

"मुळेसाब, जान प्यारी नाही का तुम्हाला? विहिरीत उतरून कशाला काढलं?"

"मी उतरलो नाही. वरून घेतलं."

"वरून कसं? हे बघा." शफीने बोट ठेवलं. "हे काळं गोल, हे आभाळ. भोवती अंधार. काठावर ही तिपाई, हा कॅमेरा. आणि हा माणूस वाकलाय, डोळा लावून. तुम्हीच तर आहात. खालून घेतलंय हे, साब. फार खालून."

बद्रीनाथने पाहिलं. चवलीएवढं आभाळ, त्याच्या काठावर मुंगीएवढा तो. चित्रामागून चित्र तेच. त्याची दांडी फिरवणारी कोपराची हालचाल सुद्धा दिसत होती. शेजारी पत्रा धरलेली बाई, तिच्या हातात जळता ठिपका.

सत्तर फुटांच्या पुढे शफीचं हसू थांबलं.

"हे गोल मोठं होतंय," तो म्हणाला.

होतच होतं. फुटाफुटाने आभाळ रुंद होत गेलं. काठाचे दगड वेगळे दिसायला लागले. रहाटाचा कणा. काठावर आता कॅमेरा एकटाच होता आणि बाई होती. बाई वाकली होती. तिने हात पुढे केला होता, वर घेण्यासाठी करतात तसा.

"पुरे," बद्रीनाथ म्हणाला.

शफी ऐकायच्या पलीकडे गेला होता. त्याने फिल्मचं शेवटचं टोक दिव्याशी नेलं. तिथे विहीर नव्हती. बद्रीनाथचाच कॅमेरा, समोरून, अगदी जवळून. सगळ्या चौकटीत त्याचं भिंग. भिंगाच्या काचेत समोरच्या गोष्टीचं बारीक प्रतिबिंब पडलेलं होतं. शफीने जाड काच काढली, डोळ्याला लावली आणि वाकला.

बाहेर रस्त्यावर टांगा गेला. घोड्याच्या टापा लांब जाईपर्यंत शफी वाकलेलाच होता. मग त्याने काच खाली ठेवली, कोपऱ्यातल्या बादलीत हात धुतले, पुन्हा धुतले.

"किती जण?" बद्रीनाथने विचारलं.

"मी मोजले नाहीत," शफी म्हणाला. "आणि तुम्ही बघू नका. तुमच्याकडेच बघतायत ते, साब."

७

फिल्म कमिटीपुढे गेली, कारण दुसरा पुरावाच नव्हता. कमिटीतल्या गृहस्थांनी ती खिडकीशी धरून चाळली आणि चित्र अस्पष्ट असल्याचा शेरा मारून परत केली. विहीर बुजलेली आहे हे जाऊन बघावं, पाच परस खाली दिवा सोडावा, एवढं तरी करा, असं बद्रीनाथने तीन अर्जांत लिहिलं. कोणी गेलं नाही. उलट मार्चमध्ये निकालाची नक्कल त्याच्या हाती आली. तीत म्हटलं होतं की सात वडार मयत झाल्याची तक्रार निराधार आहे, कारण ते सातही जण हयात असून कामावर आहेत. धारूरचं काम बंद झाल्यामुळे त्यांना त्याच जहागीरदाराच्या चकलांब्याच्या विहिरीवर हलवलं आहे.

पुरावा म्हणून दोन कागद जोडलेले होते.

पहिला, चकलांब्याच्या विहिरीचं हजेरीपत्रक, २३ जानेवारीपासूनचं. सात नावं. पहिलं मुंजाजीचं, त्याखाली छबुबाईच्या दोन्ही मुलांची. एकही खाडा नाही.

दुसरा कागद शिध्याचा. मजुरांना वेठीला धरलेलं नाही, त्यांना पोटभर अन्न मिळतं, हे दाखवायला कारभारी विठ्ठलरावाने तो हौसेने जोडला होता. सात पुरुष कामावर, आणि त्यांच्यासाठी भाकरी करायला बरोबर आलेली एक बाई, सत्यभामा, मुंजाजीची बायको. बाईने कोठीवरून स्वतः मागून नेलेला शिधा, रोजच्या रोज, तिच्या अंगठ्यासह.

ज्वारीचं पीठ, एका माणसापुरतं.

त्या कागदावर कमिटीच्या तिघांच्या सह्या आहेत. उरलेल्या सात जणांचं पीठ तिने एकदाही का मागितलं नाही, हे तिघांपैकी कोणी विचारलं नाही, आणि विठ्ठलरावाने आजपर्यंत सांगितलेलं नाही.